विषबाधा कीं औषधाचा दोष?

गेल्या महिन्यांत आमचे एक वयोवृद्ध स्नेही रुग्णालयांत असल्याचें कळलें, म्हणून आम्ही त्यांच्या समाचारास गेलों. घर मोठें, तीन चिरंजीव, सुना व नातवंडें, सर्व एकत्र राहणारीं. आजोबांना हृदयविकारासाठीं डिगॉक्सिनची रोज एक गोळी दिलेली होती आणि दोन वर्षें ती त्यांना चांगली मानवली होती. एकाएकीं अन्न नकोसें झालें, मळमळ सुरू झाली, वस्तूंवर पिवळी झांक दिसूं लागली आणि नाडी फार मंद झाली. तपासणाऱ्या तरुण डॉक्टरांनीं कागदावर लिहिलें, 'डिगॉक्सिनची बाधा.'

दुसऱ्या दिवशीं नोंदणी-विभागांतून तो कागद एका प्रश्नासह परत आला : 'बाधा कशी झाली? औषध सांगितल्याप्रमाणें घेतलें होतें काय?' घरांतील मंडळी एकमेकांच्या तोंडाकडे पाहूं लागली. 'सांगितल्याप्रमाणेंच,' असें थोरल्या चिरंजीवांनीं उत्तर दिलें. वस्तुस्थिति निराळी होती. थोरल्या सूनबाई सकाळीं पूजा आटोपल्यावर गोळी देत असत, आणि रजेवर घरीं आलेले धाकटे चिरंजीव रात्रीं आठवणीनें पुन्हां एक देत होते. हा क्रम दहा दिवस चालला. सूनबाईंच्या तें ध्यानांत आलें होतें. पण भावजींवर ठपका येईल, घरांत बोलाचाली होईल, या भीतीनें त्या गप्प राहिल्या.

तो प्रश्न म्हणजे नुसती कारकुनी उठाठेव, असें कित्येकांना वाटेल. परंतु त्यामागें बराच इतिहास आहे. झाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञानें तयार केलेली मृत्युकारणांची यादी १८९३ सालीं आंतरराष्ट्रीय संख्याशास्त्र संस्थेनें शिकागो येथें स्वीकारली. १९४८ सालीं तें काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आलें आणि मृत्यूंबरोबर आजारांचेंही वर्गीकरण तींत होऊं लागलें. दहावी आवृत्ति १९९० सालीं मान्य झाली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अंमलांत आली असली, तरी अनेक ठिकाणीं अद्याप दहावीच चालते.

या दहाव्या आवृत्तींत टी ३६ ते टी ५० हे अंक औषधांच्या विषबाधेसाठीं राखून ठेवलेले आहेत. डिगॉक्सिन ज्या वर्गांत मोडतें त्याचा अंक टी ४६·०. पण तेवढ्यानें भागत नाहीं. बाधा कशी झाली हें सांगणारा दुसरा अंक त्यास जोडावा लागतो. चुकून झाली असल्यास एक्स ४४. रोग्यानें स्वतः हेतुपुरस्सर औषध घेतलें असल्यास एक्स ६४. दुसऱ्यानें घातपातानें दिलें असल्यास एक्स ८५. आणि हेतूचा निर्णयच होत नसल्यास वाय १४. याउलट योग्य औषध, योग्य मात्रेंत, योग्य रीतीनें घेऊनही अपाय झाला, तर या कोष्टकाप्रमाणें ती विषबाधाच नव्हे. अशा वेळीं टी ४६·० लागत नाहीं. जो अपाय झाला, उदाहरणार्थ मंद नाडी, त्याचा अंक मुख्य धरावयाचा, आणि सोबत औषधाच्या अनिष्ट परिणामाचा वाय ५२·० हा अंक द्यावयाचा.

अमेरिकेंत २०१५ पासून याच आवृत्तीचें विस्तारलेलें रूप वापरतात. सांगितल्याहून कमी औषध घेतलें किंवा आपल्याच मनानें बंद केलें, तर त्यासाठींही तेथें निराळा अंक आहे. शिवाय डॉक्टरांनीं दिलेल्या औषधाबरोबर त्यांना न विचारतां दुसरें औषध घेतलें आणि दोहोंच्या संयोगानें अपाय झाला, तर ती विषबाधाच धरतात. मावशींची गुडघेदुखीची गोळी काकांनीं सहज घेऊन पाहणें, हा आपल्या घरांतील नित्याचा प्रकार आहे. त्याचा विचार वाचकांनीं अवश्य करावा.

गोळी तीच, रोगी तोच, लक्षणेंही तींच. तरी नोंदी निरनिराळ्या. त्यांतील भेद हकीकतीवरून ठरतो, आणि ती हकीकत घरच्या माणसांनाच ठाऊक असते. अंक लावणारास तर्क लढविण्याची मुभा नाहीं. डॉक्टरांनीं लिहिलें असेल त्यावरच त्यास चालावें लागतें, आणि डॉक्टर बहुतांशीं आपण सांगितलेलेंच लिहितात.

थोरल्या चिरंजीवांचें उत्तर तसेंच राहतें, तर काय झालें असतें? आजोबांच्या कागदावर 'नेहमींच्या मात्रेनेंही अपाय होतो' अशी नोंद झाली असती. पुढील प्रत्येक डॉक्टरनें ती वाचली असती, आणि दोन वर्षें ज्या औषधानें आधार दिला तें विनाकारण सुटलें असतें. दोन गोळ्या देण्याचा घरांतील घोटाळा मात्र तसाच राहिला असता. आज डिगॉक्सिन, उद्यां दुसरें कांहीं.

हेतूविषयीं लिहिणें अधिक नाजूक आहे, परंतु तें टाळतां येत नाहीं. घरांतील कोणी दुःखाच्या भरांत गोळ्या घेतल्या, तर अब्रूसाठीं 'चुकून घेतल्या' असें सांगण्याकडे आपला कल असतो. त्यामुळें पोटांतील विष उतरतें, पण मनांतील दुःखाकडे कोणाचें लक्ष जात नाहीं, आणि तें माणूस त्याच घरांत, त्याच कपाटाजवळ परत येतें. पूर्वीं कायद्याची भीतिही होती. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानें अशी व्यक्ति तीव्र तणावाखालीं होती असें गृहीत धरून तिच्या शुश्रूषेची जबाबदारी सरकारवर टाकली आहे; आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या न्यायसंहितेंत दंडसंहितेचें जुनें ३०९ कलम घेतलेलें नाहीं. तेव्हां डॉक्टरांपाशीं खरें बोलण्यास कचरूं नये.

आमच्या स्नेह्यांच्या घरीं त्या संध्याकाळीं सूनबाईंनींच धीर केला. त्यांनीं डॉक्टरांना बाजूस बोलावून दहा दिवसांचा क्रम सांगितला. कागदावर 'नजरचुकीनें दुप्पट मात्रा' असें लिहिलें गेलें. गोळी कांहीं दिवस थांबविली, रक्त तपासलें, आणि पुढें पूर्वींच्याच मात्रेनें ती पुन्हां सुरू झाली. धाकटे चिरंजीव ओशाळले खरे. पण आजोबाच हंसून म्हणाले, 'अरे, दोघांनींही प्रेमानेंच दिली ना!'

आतां त्या घरीं देवघराशेजारीं औषधांचा एकच डबा असतो. गोळी देणारानें वहींत वेळ लिहून सही करावयाची, आणि रुग्णालयांत जातांना डबा व वही दोन्ही बरोबर न्यावयाचीं, असा नियम झाला आहे. आमच्या वाचकांनीं आपल्या घरीं आजच अशी एक वही घालावी.