कॅमेऱ्यासाठी एकपात्री

चिकलठाण्यात विमानतळाशेजारी राहणाऱ्यांना विमानाचं अप्रूप उरलेलं नाही. पण ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मधली गावाकडची मंडळी विमानात चढतात, तेव्हा आजही सगळं घर टीव्हीसमोर गोळा होतं. मराठवाडा विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणाऱ्या लक्ष्मण देशपांडे सरांनी 1979 पासून या एकपात्री नाटकात एकट्याने बावन्न पात्रं उभी केली. गिनीज बुकाने त्यांची दखल घेतली. 2009 मध्ये सर गेले. आता त्यांना पाहायचं तर चित्रफीतच.

ती चित्रफीत मोलाची आहे, तरी ते टीव्हीसाठी घडवलेलं काम नव्हे. सरांचा आवाज, मानेचा झटका, चालीतला फरक, सगळं नाट्यगृहातल्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचावं असं बेतलेलं. त्यांची माणसं राहायची ती त्यांच्या आजूबाजूच्या रिकाम्या जागेत. कॅमेरा चेहऱ्यावर गेला की ती जागाच चौकटीबाहेर पडते आणि अर्धं वऱ्हाड हरवतं.

टीव्हीची एकपात्री मुळातूनच वेगळी लिहावी लागते. सॅम्युएल बेकेट यांनी ‘ए जो’ खास टीव्हीसाठी लिहिलं. 1966 मध्ये बीबीसीने ते दाखवलं. खोलीत एकटा जो. तो चकार शब्द बोलत नाही. ऐकू येतो तो एका बाईचा आवाज. ती मध्येच थांबली की कॅमेरा जेमतेम चार इंच पुढे सरकतो. असं नऊ वेळा. शेवटी पडदाभर फक्त चेहरा उरतो आणि त्यावरची भीती. मागच्या रांगेतून हे दिसणारच नाही.

आपल्या टीव्हीने आपल्या नटांकडे असं काही मागितलं नाही, याचं मला फार वाईट वाटतं. कीर्तन-भारुडाचा वारसा होता. 1972 मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झालं, तेव्हा पु. ल. देशपांड्यांची एकपात्री ‘बटाट्याची चाळ’ रंगमंचावर येऊन दशक उलटलं होतं. आपल्याकडे चितेगावला तर व्हिडिओकॉनचे टीव्ही संचही बनू लागले. संच होते, नट होते. कॅमेऱ्यासाठी लिहून घेणारं कुणी नव्हतं.

त्याला मोठा खर्चही लागत नाही. एक खोली, एक नट, पंधरा मिनिटांची संहिता. चिकलठाणा एमआयडीसीत रात्रपाळीला एकटा बसलेला पहारेकरी घ्या. त्याच्या चेहऱ्यावर नाटक आहे. सह्याद्री वाहिनीने विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागाकडे अशा संहिता मागाव्यात. आणि मुलांनो, कुणी मागेल याची वाट न पाहता तुम्ही लिहायला बसा.