तारखेचीही नोंद हवी

व्यापारात उधारी अटळ आहे, आणि उधारी बुडू लागली म्हणजे न्यायालयाची पायरी चढणे भाग पडते. परंतु वकीलपत्रावर सही केली की आपले कर्तव्य संपले, ही समजूत परदेशीपुऱ्यातील आपल्या व्यापारी बांधवांनी सोडावी, असे आम्हांस आग्रहाने सांगावयाचे आहे.

सुनावणीस प्रतिवादी हजर आणि वादीच्या वतीने कोणीच नाही, असे घडल्यास १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ९, नियम ८ प्रमाणे, प्रतिवादीने कबूल केलेली रक्कम वगळता, दावा खारीज होतो. त्याच कारणावरून नवा दावा आणण्यास नियम ९ ची मनाई आहे. उरतो तो दावा पुन्हा चालविण्याचा अर्ज. त्याची मुदत ३० दिवसांची, आणि गैरहजेरीचे सबळ कारण दाखविणे आवश्यक. वह्या खऱ्या, येणे खरे, तरी रक्कम हातची जाते!

वकिलाच्या कसुरीची शिक्षा अशिलास का? १९८१ मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने खेड्यातील निर्दोष पक्षकाराचे खारीज झालेले अपील पुन्हा चालविण्यास सांगितले आणि २०० रुपये खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करण्याचा हुकूम दिला. हाच न्याय आम्हांस योग्य वाटतो. दंड ज्याची कसूर त्यास व्हावा. दाव्याचा बळी पडू नये.

तथापि या निकालावर विसंबून राहणे व्यापाऱ्यास परवडणारे नाही. १९९३ मध्ये सलील दत्ता प्रकरणी त्याच न्यायालयाने, हा सरसकट नियम नव्हे, असे बजावले. तेथील पक्षकार अडाणी खेडूत नव्हता. कलकत्त्यातच कचेरी असलेली कंपनी होती. इंदूरच्या पेढीवाल्याची गणना कोणत्या वर्गात होईल, हे सांगावयास नकोच.

संपाच्या काळात तर विशेष सावधगिरी हवी. वकिलांस संपाचा अधिकार नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये दिला; तरीही मार्च २०२३ मध्ये मध्य प्रदेशातील वकिलांनी कामकाजावर बहिष्कार घातला, आणि उच्च न्यायालयास त्यांना कामावर परतण्याचा आदेश द्यावा लागला.

म्हणून प्रत्येक पेढीने रोजकीर्दीशेजारी तारखांचीही एक वही ठेवावी. प्रकरणाचा १६ अंकी सीएनआर क्रमांक तीत लिहून ठेवावा. त्यावरून पुढील तारीख घरबसल्या ई-कोर्ट्‌सवर पाहता येते. तारखेच्या आदल्या दिवशी वकीलसाहेबांस विचारावे, आणि शक्य तर घरचे एक माणूस न्यायालयात पाठवावे. पै-पैचा हिशेब ठेवणाऱ्या समाजास एका तारखेचा हिशेब जड जाऊ नये.