न वाचताच जप्त!

दिवाळी अंक घरात आला की मोठी माणसे कथा, कविता आणि राशिभविष्य आपसांत वाटून घेतात. पोरांच्या वाट्याला काय येते? चकली! आणि एखादे पोर कोपऱ्यात चित्रकथा घेऊन बसलेच, तर कोणीतरी खेकसतेच, "चित्रे काय बघतोस? काहीतरी वाच!"

वाचकहो, या खेकसणाऱ्यांत मी आघाडीवर होतो. नवी मुंबईतल्या एका मराठी शाळेत मी मास्तर आहे. पंधरा वर्षांपूर्वी पाचवीतल्या एका पोराच्या दप्तरातून मी चित्रकथा ओढून काढली आणि कपाटात कोंडली. धडा वाचताना ते पोर अडखळे. असल्या पुस्तकांनीच ते बिघडले, असा निवाडा देऊन मी मोकळा झालो. गेल्या वर्षी नेरूळ स्टेशनवर तो भेटला. वाकून नमस्कार केला आणि हसत म्हणाला, "सर, त्या गोष्टीचा शेवट काय होता हो?" मला सांगता येईना. मी ते पुस्तक उघडलेच नव्हते!

अशी शिक्षा ठोठावणारे आपणच पहिले नव्हे. अमेरिकेत 1948 च्या सुमारास शाळांच्या पटांगणांत कॉमिक्सच्या होळ्या पेटल्या. 1954 साली डॉ. फ्रेडरिक वर्थम यांनी कॉमिक्समुळे मुले गुन्हेगार होतात असे पुस्तक लिहिले. विल्यम गेन्स या प्रकाशकाने सिनेटच्या समितीपुढे साक्ष दिली आणि त्याची भयकथांची मासिके बंद पडली. पुढे 2012 साली डॉक्टरांची कागदपत्रे तपासली गेली, तेव्हा त्यांनीच पुराव्यात फेरफार केल्याचे उघडकीस आले!

त्याच 1954 साली मुंबईत अनंत पै या तरुणाने मुलांसाठी 'मानव' हे मासिक काढले. ते बुडाले. कारकळला जन्मलेला, दुसऱ्या वर्षी आईबाप गमावलेला, बाराव्या वर्षी मुंबईला आलेला हा रसायनशास्त्राचा पदवीधर. त्याने नोकरी धरून सुखाने राहावे की नाही? परंतु पुढे टाइम्समध्ये त्याने 1964 साली 'इंद्रजाल कॉमिक्स' सुरू होताना हातभार लावला. 1967 साली दिल्लीत दूरचित्रवाणीवर त्याने पाहिले, की मुलांना ग्रीक देव ठाऊक आहेत, पण रामाच्या आईचे नाव सांगता येत नाही. नोकरी सोडून त्याने 'अमर चित्र कथा' उभी केली, 1980 साली 'टिंकल' काढले आणि 2011 साली मृत्यू येईपर्यंत देशभरच्या मुलांचा तो 'अंकल पै' होता.

आपण म्हणाल, त्या चित्रांत देव गोरे आणि राक्षस काळे का? आक्षेप रास्त आहे, तो घ्यावाच. परंतु तो घेण्यासाठी आधी पुस्तक वाचावे लागते! आणि त्याच मालिकेने 1979 साली बाबासाहेब आंबेडकरांचे चरित्र मुलांच्या हाती दिले, हेही वाचल्याशिवाय कसे कळणार?

आता खरी बोच सांगतो. बाबासाहेबांचे ते चरित्र दिलीप कदमांनी रेखाटले. 'कृष्ण' आणि 'टिंकल'मधला सुपंडी राम वाईरकरांच्या हातचा. पुण्याच्या प्रताप मुळीकांनी कितीतरी अंक सजवले. हात मराठी, कारखाना मुंबईत; पण गोष्ट लिहिली जाई आधी इंग्रजीत. मराठीत ती यायची भाषांतर होऊन! दोष पैंचा नव्हे. ज्या घरात चित्रकथा म्हणजे रद्दी, त्या घरासाठी मराठीत ती कोण मुद्दाम लिहील? आणि मग आपणच गळा काढतो, की पोरे मराठी वाचत नाहीत. अहो, ज्या पायरीवरून ती चढत होती, ती आपणच उखडली!

मी माझ्या कपाटाची किल्ली वर्गातल्या पोरांच्या स्वाधीन केली आहे. या दिवाळीत आपण एवढेच करा: फराळाचे ताट घेऊन पोराशेजारी जमिनीवर बसा, त्याच्या हातातली चित्रकथा त्याच्याबरोबर शेवटच्या पानापर्यंत वाचा, आणि मग काय खेकसायचे ते खेकसा!