कापणी शेतात, निकाल राजधानीत

अमेरिकेच्या मध्यपश्चिम भागात सोयाबीनचे पीक हाती यायला साधारण पाच महिने लागतात. आयोवा, इलिनॉय, मिनेसोटा या राज्यांत एप्रिलअखेरीपासून पेरणी सुरू होते. सप्टेंबर-ऑक्टोबरात पाने गळून शेंगा वाळल्या, दाण्यातील ओलावा १३ टक्क्यांच्या आसपास आला, की कंबाइन हार्वेस्टर कापणी आणि मळणी एकाच फेरीत उरकतो. मात्र एवढे यंत्रबळ हाताशी असलेला शेतकरीही पेरणी ते कापणी या काळात राजधानीत बदलणाऱ्या धोरणापुढे हतबल ठरतो. पावसाची लहर त्याच्या ओळखीची आहे. वॉशिंग्टनच्या लहरीवर त्याच्यापाशी उतारा नाही.

अमेरिकेने शुल्कयुद्ध पुकारल्यावर जुलै २०१८ मध्ये चीनने अमेरिकी सोयाबीनवर २५ टक्के जादा आयातशुल्क लावले. तोवर अमेरिकेच्या सोयाबीन निर्यातीतील सुमारे ६० टक्के माल एकट्या चीनकडे जात होता. पीक शेतात उभे असतानाच गिऱ्हाईक उठून गेले. सरकारने २०१८ मध्ये १२ अब्ज आणि २०१९ मध्ये १६ अब्ज डॉलरची मदत जाहीर केली. २०२५ मध्ये त्याच नाटकाचा दुसरा प्रयोग झाला. सप्टेंबरात कापणी सुरू झाली तेव्हा नव्या पिकासाठी चीनची मागणीच नव्हती. ३० ऑक्टोबरला बुसान येथे ट्रम्प आणि शी जिनपिंग भेटले आणि पुढील तीन वर्षे दरसाल अडीच कोटी टन खरेदीचे आश्वासन मिळाले. त्याचा विजय म्हणून गाजावाजा झाला; पण २०१६ आणि २०१७ मध्ये चीन कोणत्याही कराराविना तीन कोटी टनांहून अधिक सोयाबीन अमेरिकेकडून घेत होता! डिसेंबरात पुन्हा १२ अब्ज डॉलरची मदत जाहीर करावी लागली, यातच या विजयाचे मोल कळते.

गेलेली बाजारपेठ अनुदानाने परत येत नाही, हा धडा अमेरिकेला नवा नाही. देशांतर्गत भाववाढ रोखण्यासाठी निक्सन प्रशासनाने जून १९७३ मध्ये सोयाबीनची निर्यात रोखली. बंदी काही महिन्यांतच उठली. पण अमेरिकी सोयाबीनवर विसंबलेल्या जपानचा विश्वास उडाला तो उडालाच. जपानने ब्राझीलच्या सेराडो या माळरानाच्या विकासात पैसा ओतला, ब्राझीलच्या शास्त्रज्ञांनी तेथील आम्लधर्मी जमिनीला चुना देऊन आणि उष्ण हवेला मानवणारे वाण काढून ते रान पिकवले. आज सोयाबीनच्या उत्पादनात आणि निर्यातीत ब्राझील अमेरिकेच्या पुढे आहे. चीनने पाठ फिरवली तेव्हा तो रिकाम्या हाती राहिला नाही, याचे मूळ त्या बंदीतही आहे.

मग शेतकऱ्याने पीकच बदलावे, हा सल्ला सोपा आहे. परंतु मक्यानंतर सोयाबीन हा फेरपालट जमिनीच्या हिताचा आहे. सोयाबीनच्या मुळांवरील गाठी हवेतील नत्र धरतात आणि पुढच्या मक्याचा खताचा खर्च हलका होतो. हे चक्र एका शुल्कादेशाने बदलता येत नाही.

दिल्लीनेही यात स्वतःचे प्रतिबिंब पाहावे. ऑगस्ट २०२१ मध्ये, मध्य प्रदेश आणि महाराष्ट्रात नवे पीक तोंडावर आले असताना, केंद्राने जनुकबदल केलेल्या सोयाबीनच्या १२ लाख टन पेंडीच्या आयातीला परवानगी दिली. डिसेंबरात सेबीने सोयाबीनचे वायदे व्यवहार थांबवले. कुक्कुटपालकांची अडचण खरी होती, महागाईची चिंताही रास्त होती. आक्षेप आहे तो निर्णयाच्या वेळेला. नव्या गिऱ्हाइकाच्या शोधात असलेली अमेरिका भारताचे दार ठोठावतच राहणार. ते उघडायचे की नाही, हे सरकारने ठरवावे. परंतु जे ठरेल ते जूनमधील पेरणीपूर्वी सांगावे. एकदा बियाणे मातीत गेले की शेतकऱ्याला निर्णय फिरवता येत नाही. मग तो अधिकार सरकारने तरी का राखावा?