भागीदारीचा हिशेब पोलीस ठाण्यात कशाला?

सेंट्रिंगचा धंदा करणारा आपल्या वस्तीतला एक तरुण माझ्याकडे आला. भांडवल भागीदाराचे, मेहनत याची. लोखंडी प्लेटा, मजूर, साईट सगळे हाच पाहायचा. ३ वर्षे धंदा बरा चालला. मग एका बिल्डरचे बिल अडकले, वाटणीवरून बिनसले आणि भागीदाराने न्यायालयात न जाता थेट पोलीस ठाणे गाठले. आरोप फसवणुकीचा आणि विश्वासघाताचा. आता या पोराला सकाळी १० वाजता बोलावतात, संध्याकाळपर्यंत बाकावर बसवतात आणि 'मिटवून टाक' म्हणून दम देतात. मिटवायचे म्हणजे भागीदार म्हणेल तो आकडा कबूल करायचा. याला सरळ वसुली म्हणतात.

कायदा काय सांगतो? भागीदारीच्या मालमत्तेत प्रत्येक भागीदाराचा हक्क असतो. म्हणून वेलजी राघवजी पटेल विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वीच स्पष्ट केले की, भागीदाराने पेढीची येणी वसूल करून हिशेब दिला नाही, एवढ्याने फौजदारी विश्वासघात होत नाही. ती मालमत्ता खास कराराने त्याच्या हवाली केलेली असावी लागते. खटला आपल्याच राज्यातला, निकालाला ६० वर्षे होऊन गेली, पण ठाणे अंमलदाराच्या टेबलापर्यंत तो अजून पोचलेला दिसत नाही! फसवणुकीचेही तसेच. पैसे घेतानाच मनात बेइमानी असावी लागते. ३ वर्षे नफा वाटून खाल्ल्यावर चौथ्या वर्षी भांडण झाले, तर पहिल्या दिवशीची बेइमानी आणणार कुठून? एकाच व्यवहारावर फसवणूक आणि विश्वासघात हे दोन्ही गुन्हे एकत्र नांदू शकत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली रेस क्लबच्या प्रकरणात २०२४ मध्ये पुन्हा बजावले. तरी पूर्वी ४२०-४०६ जोडीने लागत. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेची ३१८-३१६ ही जोडी लागते.

दिवाणी दावा वर्षानुवर्षे रेंगाळतो, हे खरे. त्यात पेढीची नोंदणी नसेल तर भागीदारी कायद्याचे कलम ६९ आडवे येते. पण पेढी मोडण्याचा आणि हिशेबाचा दावा नोंदणी नसतानाही करता येतो. महाराष्ट्राने १९८४ च्या दुरुस्तीने तोही रस्ता बंद केला होता. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली. हे आपल्या किती धंदेवाल्यांना ठाऊक आहे?

खोट्या सह्या केल्या, बनावट बिले लावली, तर गुन्हा नोंदवलाच पाहिजे. तिथे भागीदारीची ढाल चालणार नाही, मग आरोपी आपला असो की परका. माझा सवाल वेगळा आहे. त्याच ठाण्यात आपला माणूस, धनदांडग्याने जमीन बळकावली म्हणून जातो, तेव्हा त्याला काय ऐकवतात? 'हे दिवाणी मॅटर आहे, कोर्टात जा.' वास्तविक अनुसूचित जातीच्या माणसाची जमीन अशी बळकावणे हा अॅट्रॉसिटी कायद्याखाली गुन्हा आहे. म्हणजे जिथे गुन्हा आहे तिथे दिवाणी आणि जिथे हिशेब आहे तिथे फौजदारी! कलम कोणते लावायचे हे व्यवहार पाहून ठरते, की समोर कोण उभा आहे ते पाहून?

बांधवांनो, तोंडी बोलावण्यावर ठाण्यात खेटे घालू नका, लेखी नोटीस मागा. ७ वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने अर्नेश कुमार खटल्यात २०१४ मध्येच सांगितले आहे. दबावाखाली कोऱ्या कागदावर सही तर मुळीच नको.

त्या तरुणाकडे भागीदारीपत्र नाही. सारा कारभार विश्वासावर झाला. आहे ते बँकेचे पासबुक आणि प्लेटांच्या आवक-जावकीची एक मळकी वही. तिच्यात भागीदाराच्या हाताने लिहिलेल्या नफ्याच्या नोंदी आहेत. त्याच वहीवरून आम्ही हिशेबाचा दावा तयार करतो आहोत.