‘आधुनिक’ गोधडी नेमकी कोणाची?

१/ क्विल्ट म्हणजे पाश्चात्त्य गोधडी. ती शिवणाऱ्यांच्या वर्तुळात गेली काही वर्षे एक इतिहास ठरावीक शब्दांत सांगितला जातो. जुन्या क्विल्टचे नमुने ठोकळेबाज होते, प्रत्येक तुकडा मोजूनमापून कापला जाई, डावी बाजू उजवीसारखी असे. एकविसाव्या शतकात काही तरुण कलावंतांनी ती चौकट मोडली आणि ‘मॉडर्न क्विल्टिंग’ जन्मास आले. हा इतिहास सुटसुटीत आहे आणि चुकीचा आहे. त्या चुकीची किंमत काही ठरावीक स्त्रियांनी मोजली आहे.

२/ प्रथम ‘आधुनिक’ कशास म्हणतात ते पाहू. २००९ साली लॉस एंजेलिसमध्ये ‘मॉडर्न क्विल्ट गिल्ड’ सुरू झाले. २०१३ मध्ये टेक्ससमधील ऑस्टिन येथे ‘क्विल्टकॉन’ हे त्याचे पहिले मोठे संमेलन भरले. या वर्तुळाने मान्य केलेल्या खुणा अशा: ठळक रंग, तीव्र विरोध, ऐसपैस सोडलेली मोकळी जागा, नेहमीच्या चौकटींची बदललेली मांडणी. आणि सर्वांत मानाची खूण ‘इम्प्रोव्ह’, म्हणजे साचा व मोजपट्टी बाजूला ठेवून नजरेच्या भरवशावर तुकडे जोडत जाणे.

३/ याच खुणा हाती घेऊन अलाबामा राज्याच्या विल्कॉक्स परगण्यात जावे. अलाबामा नदीने तीन बाजूंनी वेढलेली तेथील वस्ती म्हणजे जीज बेंड. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी जी आडनावाच्या जमीनदाराने येथे गुलामांच्या श्रमांवर कापसाचा मळा वसवला. पुढे तो पेटवे नावाच्या मालकाकडे गेला. गुलामगिरी कायद्याने संपली. गुलामांच्या वंशजांकडे मालकाचे आडनाव उरले आणि त्याच जमिनीवरची बटाईची शेती उरली. वस्तीत पेटवे हे आडनाव आजही घरोघर आढळते.

४/ बटाईची शेती म्हणजे कायमचे कर्ज. १९३२ मध्ये, उधारी देणारा व्यापारी वारल्यावर, त्याच्या माणसांनी वसुलीसाठी घराघरांतून गुरे, अवजारे, धान्य ओढून नेले. तो हिवाळा वस्तीने रेड क्रॉसच्या मदतीवर काढला. लाकडी घरांच्या फटींतून वारा येई. अशा घरात गोधडी ही चैनीची वस्तू नसते. एकावर एक चार घातल्या तरच मुले झोपतात. कापड कोणते? गुडघ्यावर फाटलेल्या विजारी, विटलेले सदरे, पिठाची आणि खताची रिकामी पोती.

५/ १९४२ साली मिसूरी पेटवे या स्त्रीने आपल्या दिवंगत पतीच्या कामाच्या कपड्यांची गोधडी शिवली. त्याची आठवण राहावी आणि पांघरताना त्याची माया अंगावर असावी, एवढाच तिचा हेतू होता, असे तिच्या मुलीने पुढे सांगितले. निळ्या-करड्या कापडाचे लांबट पट्टे, मध्येच एखादी तांबूस पट्टी, विजारीच्या शिवणीशी न विटलेला गडद भाग. उद्या कोणी हीच गोधडी नाव झाकून एखाद्या ‘आधुनिक’ प्रदर्शनात टांगली, तर तिचे वय ओळखणे परीक्षकांना अवघड जाईल.

६/ तथापि येथे थांबून कामाची रीत समजून घेतली पाहिजे, कारण सारा वाद तिथेच अडकला आहे. जीज बेंडमधील एका आवडत्या प्रकारास ‘हाउसटॉप’ म्हणतात. मधोमध एक तुकडा; त्याच्या एका कडेला पट्टी, मग दुसऱ्या कडेला, मग तिसऱ्या, अशी प्रदक्षिणा. चौकोनातून चौकोन वाढत जातो, वरून पाहिलेल्या छपरासारखा. पट्टी कमी पडली तर तिला दुसऱ्या कापडाचा जोड. जोडाने रंग बदलतो, रंग बदलला की समोरच्या कडेला उत्तर द्यावे लागते. एक कड फुगली तर पुढची पट्टी तिरकी कापून तोल सावरायचा. प्रत्येक पट्टीला एक निर्णय घ्यावा लागतो, आणि मागचा निर्णय उसवायला कापडही नसते, वेळही नसतो.

७/ मराठी रसिकाला हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. ख्यालगायकीत ज्याला उपज म्हणतात ती हीच. बंदिश पाठ असल्यावाचून उपज निघत नाही. जीज बेंडच्या मुली सुया ओवून देता देता आई-आजीच्या हाताखाली शिकल्या. कोणत्या घराची मांडणी कशी, हे बायकांना नजरेने ओळखू येई. स्वतःच्या बुद्धीने केलेल्या रचनेला त्या ‘माझी रीत’ म्हणत. ज्या कामाला नाव आहे, परंपरा आहे आणि परंपरा ओलांडण्यासाठीही शब्द आहे, त्याला ‘सहज घडलेले’ म्हणणे हा निव्वळ अडाणीपणा होय.

८/ आता बाजाराकडे वळू. १९६५ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग जीज बेंडला येऊन बोलून गेले. मतदार म्हणून नाव नोंदवू पाहणाऱ्यांना त्याआधीच धडा शिकवणे सुरू झाले होते: परगण्याच्या ठाण्याकडे, कॅमडेनला, नेणारी नदीवरची फेरी १९६२ मध्ये बंद झाली होती. काही मिनिटांच्या पाण्याऐवजी तासाभराचा वळसा. ती फेरी पुन्हा सुरू व्हायला २००६ साल उजाडले.

९/ या धामधुमीत फ्रान्सिस वॉल्टर या धर्मोपदेशकाने दोरीवर वाळत घातलेल्या गोधड्या पाहिल्या. दहा-दहा डॉलरला काही विकत घेऊन त्याने न्यू यॉर्कमध्ये त्यांचा लिलाव केला, आणि १९६६ मध्ये ‘फ्रीडम क्विल्टिंग बी’ ही स्त्रियांची सहकारी संस्था उभी राहिली. एस्टेल विदरस्पून या तिच्या व्यवस्थापक. न्यू यॉर्कच्या ब्लूमिंगडेल्ससारख्या दुकानांतून मागणी आली. हातात रोख पैसा आला. संस्थेचे हे ऋण कोणी नाकारू नये.

१०/ पण मागणीबरोबर अटीही आल्या. मापे ठरलेली हवीत, नमुने पुस्तकातले हवेत, एकासारखा दुसरा हवा, कडा सरळ हवी. १९७२ मध्ये सिअर्स कंपनीने कॉर्डरॉयच्या उशांच्या अभ्र्यांचे काम दिले: एकाच साच्याचे ढीगभर नग. ज्या बायकांची कीर्ती पुढे ‘मोजपट्टी न वापरणाऱ्या’ म्हणून झाली, त्यांना त्या काळी मोजपट्टी न वापरल्याबद्दल माल परत येण्याची भीती होती. कॉर्डरॉयचे उरलेले तुकडे त्या घरी नेत आणि रात्री स्वतःच्या गोधडीत हवे तसे लावत. त्या गोधड्या आज संग्रहालयांत आहेत.

११/ याच सुमारास त्याच न्यू यॉर्कमध्ये काय चालले होते? १९७१ मध्ये व्हिटनी संग्रहालयाने जोनाथन होल्स्टीन आणि गेल व्हॅन डर हूफ यांच्या संग्रहातील क्विल्ट भिंतीवर टांगले, अमूर्त चित्रांप्रमाणे. गोधडीला कलेचा दर्जा मिळाला, असा गाजावाजा झाला. बहुतेक क्विल्टखाली शिवणारीचे नाव नव्हते. पॅट्रिशिया मेनार्डी यांनी १९७३ मध्ये एका स्त्रीवादी कलानियतकालिकात या दृष्टीचा खरपूस समाचार घेतला: पुरुष चित्रकारांच्या कॅनव्हासशी जे जुळते तेवढेच उचलायचे आणि स्त्रियांची स्वतःची परंपरा निनावी ठरवायची, ही कसली दाद?

१२/ म्हणजे शहर एकच, वर्षे जवळजवळ तीच. संग्रहालयाच्या भिंतीवर वाकडी रेघ म्हणजे प्रतिभा, आणि दुकानाच्या पावतीवर वाकडी रेघ म्हणजे दोष. फरक फक्त रेघ कोणाच्या मालकीची, याचा.

१३/ २००२ मध्ये जीज बेंडच्या गोधड्या ह्यूस्टनच्या ललितकला संग्रहालयात आणि मग व्हिटनीत पोहोचल्या, या वेळी नावांसह. विल्यम आर्नेट या संग्राहकाने त्या वस्तीत फिरून जमवल्या होत्या. समीक्षक भारावले. २००६ मध्ये अमेरिकी टपाल खात्याने दहा तिकिटे काढली. आणि या प्रदर्शनानंतर सात वर्षांनी ‘आधुनिक’ चळवळीचे गिल्ड स्थापन झाले. त्या चळवळीतील अनेकजणी जीज बेंडचे ऋण मोकळेपणाने मान्य करतात, हे त्यांच्या बाजूने नमूद केलेच पाहिजे.

१४/ परंतु कोणत्या शब्दांत? ‘प्रेरणा’. जणू जीज बेंड म्हणजे एखादे उत्खननात सापडलेले नगर. अॅनी मे यंग यांची कामाच्या कपड्यांची सुप्रसिद्ध गोधडी १९७६ ची आहे. मेरी ली बेंडोल्फ, लोरेटा पेटवे आणि लूसी मिंगो यांना २०१५ मध्ये अमेरिकेचा राष्ट्रीय लोककला सन्मान मिळाला, तेव्हा तिघीही हयात होत्या. गिल्ड स्थापन झाले त्या वर्षीही जीज बेंडमध्ये गोधड्या शिवल्या जात होत्या. समकालीन कारागिरांना पूर्वज ठरवले की त्यांना आदर देता येतो आणि व्यासपीठावर खुर्ची द्यावी लागत नाही.

१५/ या बायकांभोवती विणलेली भाबडी कहाणीही तितकीच खोटी. लोरेटा पेटवे यांनी स्पष्ट सांगितले आहे की त्यांना शिवणकामाची आवड नव्हती. घर थंड होते, मुले होती, मदतीला कोणी नव्हते, म्हणून शिवले. ‘प्रेमाचा टाका’ वगैरे शब्दांत त्यांचे काम गुंडाळणारे त्यांचे श्रम आणि त्यांची बुद्धी दोन्ही एकाच वेळी झाकून टाकतात.

१६/ दुसरे एक स्पष्टीकरण विद्वानांत लोकप्रिय होते: हा सारा आफ्रिकी रक्ताचा वारसा. ठळक पट्टे, तुटक लय, पश्चिम आफ्रिकेतील विणकामाशी साम्य. साम्य आहेच. पण कृष्णवर्णीय क्विल्टच्या अभ्यासक क्युएस्टा बेनबेरी यांनी दाखवून दिले की अमेरिकेतील कृष्णवर्णीय स्त्रियांनी सर्व प्रकारचे क्विल्ट शिवले, काटेकोर मापाचेही. ‘रक्तातच आहे’ म्हटले की शिकणे, निवडणे, ठरवणे यांचे श्रेय पुन्हा गायब.

१७/ या वादाचा एक पुरावा महाराष्ट्राच्या शेजारच्या राज्यात आहे. उत्तर कन्नड जिल्ह्यात हल्याळ, यल्लापूर, मुंडगोड या तालुक्यांत सिद्दी समाज राहतो. गोव्यात पोर्तुगीजांनी व इतरांनी आणलेल्या आफ्रिकी गुलामांचे हे वंशज. अनेकांचे पूर्वज गोव्यातून पळून या जंगलांत आले. त्यांच्या कोकणी बोलीत मराठी आणि कन्नड मिसळलेली आहे. त्यांच्या स्त्रिया जी गोधडी शिवतात तिला ‘कवंदी’ म्हणतात.

१८/ कवंदीची रीत अमेरिकी क्विल्टच्या उलट. तिकडे आधी वरचा पदर पूर्ण जोडतात, मग भर आणि अस्तर घालून तिन्ही थर शिवतात. कवंदीत जुन्या लुगड्याच्या अस्तरावर एका कोपऱ्यातून आरंभ होतो. तुकडा ठेवायचा, कड मुडपायची, धावदोरा घालायचा, आणि कडेकडेने फिरत मध्यापर्यंत यायचे. जोडणे आणि शिवणे एकच क्रिया. चारही कोपऱ्यांवर घडी घातलेले त्रिकोणी ‘फुल’ लागते. त्यावाचून कवंदी उघडी मानतात. ख्रिस्ती सिद्दी स्त्रिया क्रूस काढतात, मुस्लिम स्त्रिया चंद्रकोर.

१९/ आता गंमत अशी की कडेकडेने आत येणारा हा धावदोरा देशावरच्या गोधडीतही आहे, वाकळेतही आहे, आणि त्या शिवणाऱ्या काही आफ्रिकेतून आलेल्या नव्हेत. जुनी लुगडी, मोठी शिवणचौकट नाही, हातात सुई आणि मांडीवर कापड, अशी परिस्थिती असली की कुशल हात या रीतीकडे येतात. त्यानंतर कोणते लाल कोणत्या निळ्याशेजारी, हे मात्र परिस्थिती सांगत नाही. ते त्या बाईला ठरवावे लागते.

२०/ मग चळवळीने नवे काहीच केले नाही काय? केले. १९७९ मध्ये जपानच्या ओल्फा कंपनीने गोल पात्याचा फिरता कटर आणला आणि तासांचे कापणे मिनिटांवर आले. मोठ्या चौकटीवर फिरणाऱ्या लाँगआर्म यंत्राने टाक्यांची दाट नक्षी शक्य केली. कागदावर शिवून सुईसारखी टोके साधण्याची रीत, मोकळ्या जागेला टाक्यांनीच आकार देण्याची रीत, यांत खरे कौशल्य आहे. त्याचे श्रेय घ्यावे. साचाविना जोडण्याचे श्रेय घेऊ नये.

२१/ ‘परंपरा कोणा एकाची नसते’ हा नेहमीचा बचाव. हाउसटॉपवर कोणी पेटंट मागितलेले नाही. प्रश्न पैशाचा आणि नावाचा आहे, आणि त्या वस्तीनेच तो विचारला आहे. २००७ मध्ये जीज बेंडच्या काही स्त्रिया आपल्या मोबदल्यासाठी आणि हक्कांसाठी आर्नेट कुटुंबाविरुद्ध न्यायालयात गेल्या. आर्नेटांनी आरोप नाकारले, आणि पुढच्या वर्षी प्रकरण मिटले. २०२४ मध्ये टार्गेट या दुकानसाखळीने जीज बेंडच्या नमुन्यांवर वस्तू काढल्या. नमुने देणाऱ्या स्त्रियांना विक्रीतला वाटा नव्हे, ठरीव रक्कम मिळाली. उलट २०२१ पासून अनेकींनी एत्सीवर स्वतःच्या नावाची दुकाने उघडली आहेत. तेथे किंमत त्या स्वतः लावतात.

२२/ कवंदी आता अमेरिकेत व युरोपात वर्ग घेऊन शिकवली जाते. २०११ मध्ये ती हार्लेमच्या शॉम्बर्ग केंद्रात प्रदर्शित झाली होती. गोधडीही पुण्या-मुंबईच्या दुकानांत ‘नव्या रूपात’ आली आहे. तिच्या कोपऱ्याला शिवलेल्या चिठ्ठीवर माप असते, धुण्याच्या सूचना असतात, विकणाऱ्याचे बोधचिन्ह असते, आणि ‘हस्तनिर्मित’ असा शब्द असतो. कोणाच्या हस्ते, हे लिहायला त्या चिठ्ठीवर जागा पुष्कळ असते.