रीमा लागू म्हणजे फक्त ‘सलमानची आई’?



दरवर्षी १८ मे, म्हणजे रीमा लागू यांचा स्मृतिदिन, उजाडला की त्यांची तीच ती आठवण छापून येते : ‘हिंदी पडद्यावरची लाडकी आई’. सोबत ‘मैंने प्यार किया’चे एक छायाचित्र. झाली श्रद्धांजली!

जरा साल तपासा. बाईंचा जन्म २१ जून १९५८चा. डिसेंबर १९८९मध्ये तो चित्रपट लागला तेव्हा त्या ३१ वर्षांच्या होत्या आणि ‘चिरंजीव’ सलमान खान २४ वर्षांचे. ‘वास्तव’मधला मुलगा संजय दत्त तर त्यांच्याहून जेमतेम वर्षाने लहान. नायकाने चाळिशीतही कॉलेजात जायचे आणि नटीने तिशीतच केसांना पांढरा रंग फासायचा, या हिशेबाला आपण कौतुकाने ‘वात्सल्य’ म्हणत आलो. फिल्मफेअरची नामांकने चार, चारही आईच्याच भूमिकांना. पुरस्काराची बाहुली एकदाही नाही.

भूमिका त्यांनीच स्वीकारल्या ना, असे कोणी म्हणेल. स्वीकारल्या, आणि चोख केल्या. स्वतःच्या हाताने पोटच्या पोरावर गोळी झाडणारी ‘वास्तव’मधली आई दुसऱ्या कुणाला पेलली असती, मला शंका आहे. पण ती ताकद आली कुठून? अभिनेत्री मंदाकिनी भडभडे यांची ही लेक बँकेची नोकरी सांभाळून रंगभूमीवर घडली. जयवंत दळवींच्या ‘पुरुष’मध्ये नाना पाटेकरांच्या गुलाबरावापुढे उभी ठाकलेली अंबिका त्यांची. शेखर ताम्हाणे यांच्या ‘सविता दामोदर परांजपे’त तर एकाच देहात दोन बायका : आत्ता साधी गृहिणी, पुढच्या क्षणाला नजर आणि आवाज दोन्ही परके. तिथे ना कट, ना रिटेक. ‘तू तू मैं मैं’ मालिकेतली खट्याळ सासू याच तालमीची. मृत्यूच्या आदल्या दिवशीही, वयाच्या ५८व्या वर्षी, त्या ‘नामकरण’ मालिकेच्या सेटवर होत्या.

साहित्य संघाच्या नाट्यगृहाच्या सावलीत वाढलेल्या आम्हा गिरगावकरांना नाटके अशी विसरली गेलेली खटकतात. नाटकाचा प्रयोग संपतो, चित्रपट मात्र रोज कुठल्या ना कुठल्या वाहिनीवर लागतो. पारडे तिकडे झुकणारच. म्हणूनच विनंती, की येत्या १८ मे रोजी सलमानसोबतचे ते छायाचित्र छापू नका. आपल्या जुन्या अंकांत ‘पुरुष’ची आणि ‘सविता’ची परीक्षणे, नाटकांच्या पानावरच्या जाहिराती असतील. त्या काढा आणि त्याच छापा.

– एक नाट्यप्रेमी वाचक, गिरगाव, मुंबई